संग्रहालयातली हंडी, मुद्देमालातली हंडी



कोकणात सुट्टीला येणाऱ्यांचा कार्यक्रम ठरलेला असतो. गणपतीपुळ्याचे दर्शन, वेळ उरला तर मालगुंडला केशवसुतांचे स्मारक, आरे-वारेच्या वळणावर गाडी थांबवून समुद्रासकट फोटो, रात्री मासे आणि दुसऱ्या दिवशी गोवा. या यादीत गेल्या काही वर्षांत एका थांब्याची भर पडली आहे. त्याला 'टेस्टिंग' म्हणतात. नाशिकला वाइनरीत जाऊन पाच-सहा ग्लासांत घोट-घोट चाखायचे, गोव्यात दारूचे संग्रहालय पाहायचे, फेणी हुंगायची, आणि मग ग्लास उन्हात तिरका धरून काढलेला फोटो स्टेटसला टाकायचा. हे सवर्ण मध्यमवर्गापुरते असते तर आम्ही त्यावर लिहिण्यात वेळ घालवला नसता. पण ते फोटो आता आपल्या पोरांच्या स्टेटसवर दिसतात. प्रोफाइलला निळा झेंडा, स्टेटसला वाइनचा ग्लास.

मे महिन्यात आम्ही दहा-बारा कार्यकर्ते दोन दिवसांच्या अभ्यास शिबिरासाठी आरे-वारेला जमलो होतो. संध्याकाळी सुरूच्या बनात बसलो असताना हा विषय निघाला. पुण्यात आयटीत नोकरी करणारा एक तरुण कार्यकर्ता म्हणाला, "दादा, आम्ही दारू प्यायला गेलो नव्हतो. म्युझियम बघायला गेलो होतो. टेस्टिंग म्हणजे चव घेणं, पिणं नाही." त्यावर एक ज्येष्ठ कार्यकर्ते कडाडले, "बावीस प्रतिज्ञा घेतलेल्या घरातला पोरगा तू, आणि हे आम्हाला सांगतोस?" पोरगा गप्प झाला. शिबिरात हे नेहमीच होते. ज्येष्ठ प्रतिज्ञेची आठवण देतात, तरुण गप्प बसतो, आणि पुढच्या सुट्टीत पुन्हा तिकडे जातो. फक्त स्टेटस दादांपासून लपवून ठेवतो.

प्रतिज्ञेबद्दल आमच्या मनात काडीचाही संशय नाही. पण फक्त प्रतिज्ञेवर बोट ठेवून थांबलो तर एक फार मोठी गोष्ट नजरेआड होते. त्या संग्रहालयात नेमके काय ठेवले आहे आणि ते कोणाचे आहे, हा प्रश्न कोणी विचारतच नाही. म्हणून हा लेख.

गोव्यात कांदोळीला २०२१ मध्ये दारूचे एक संग्रहालय सुरू झाले. त्याचा भर फेणीवर आहे. जुन्या काचेच्या भल्यामोठ्या बरण्या, मोजमापाची मापे, जुने ग्लास, गाळण्याची साधने असा संग्रह तिथे आहे. एका खाजगी संग्राहकाने वर्षानुवर्षे जमवलेल्या या वस्तू आहेत, आणि संग्रह म्हणून त्यात वावगे काही नाही. काजूच्या फेणीला २००९ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले. २०१६ मध्ये गोवा सरकारने तिला राज्याचे वारसा पेय ठरवले. म्हणजे बोंडू तुडवून, रस आंबवून, मडक्यात उकळून जे निघते ते तिथे वारसा आहे. काजू मुळात पोर्तुगीजांनी ब्राझीलहून आणला, पण वारसा व्हायला त्याने काही बिघडले नाही.

आता बांद्याची हद्द ओलांडून इकडे या. तोच काजू, तोच बोंडू, तीच मडकी. सिंधुदुर्ग-रत्नागिरीत काजू बी विकली जाते आणि बीच्या कितीतरी पट वजनाचे बोंडू झाडाखाली सडतात, नाहीतर हद्दीपलीकडच्या भट्ट्यांना मातीमोल भावाने जातात. कोणी इथेच ते आंबवून गाळले तर त्याला फेणी म्हणत नाहीत. त्याला 'गावठी' म्हणतात. राज्य उत्पादन शुल्काची गाडी येते, पंचनामा होतो. पंचनाम्यात आंबवलेल्या रसाला रस म्हणत नाहीत, 'रसायन' म्हणतात. रसायन जागेवर ओतून देतात, हंडी मुद्देमाल म्हणून जप्त होते किंवा तिथेच फोडतात. दुसऱ्या दिवशी पेपरात चार ओळींची बातमी येते: हातभट्टीवर छापा, अमुक लिटर रसायन नष्ट.

एक हंडी काचेच्या पेटीत आणि दुसरी पोलीस ठाण्याच्या मागच्या अंगणात. मित्रांनो, दोन्ही हंड्यांत आंबण्याची क्रिया एकच होती. यीस्टला जात कळत नाही. हंडीमागे कोण बसले आहे, त्याची वस्ती कोणती, त्याच्याकडे जमिनीचा उतारा आहे की नाही, हे पाहून राज्य ठरवते की ही संस्कृती की हा गुन्हा. आम्ही आयुष्यभर जातीबद्दल हेच सांगत आलो आहोत. तेच काम दोघांनी केले तर एकाला कला म्हणतात आणि दुसऱ्याला कलंक.

हे आजचे नाही. मुंबई अबकारी कायदा १८७८ चा. त्याआधी कोकणच्या किनाऱ्यावर माडी काढणे हा भंडारी समाजाचा उघड, प्रतिष्ठित धंदा होता. नव्या कायद्याने माडामाडावर कर आला, परवाना आला, छोट्या भट्ट्या बंद पडल्या आणि मक्तेदाराची मोठी भट्टी आली. सरकारला लोकांचे आरोग्य सुधारायचे नव्हते, महसूल एका ठिकाणी गोळा करायचा होता. मग १८९२ चा मोहाचा कायदा. ठाणे आणि कुलाबा जिल्ह्यांत आदिवासीने आपल्याच झाडाखाली पडलेली फुले गोळा करणे, बाळगणे यावर निर्बंध. झाडाखाली पडलेले फूल! मोहफुलांवरचे असे निर्बंध आपल्या राज्य सरकारने सैल केले ते २०२१ मध्ये.

आणि त्याच इंग्रजाने १८७१ मध्ये काही जमाती जन्मानेच गुन्हेगार ठरवल्या होत्या. त्यांच्या पायातली ती बेडी ३१ ऑगस्ट १९५२ ला निघाली. कागदावर निघाली. जमीन दिली नाही, धंदा दिला नाही, शाळा दिली नाही. मग कंजारभाट वस्तीवर हातभट्टी का, असा प्रश्न विचारणाऱ्यांना आम्ही उलट विचारतो: तुम्ही त्यांच्यासाठी दुसरे काय शिल्लक ठेवले होते? १९८१ साली महाराष्ट्राने 'धोकादायक' व्यक्तींना विनाचौकशी स्थानबद्ध करण्याचा कायदा केला, त्याच्या नावातच हातभट्टीवाला झोपडपट्टीदादाच्या शेजारी बसवलेला आहे. वाइनरीच्या मालकासाठी असा कायदा नाही. त्याच्यासाठी धोरण आहे.

ते धोरणही बघू.

२००१ साली महाराष्ट्राने द्राक्ष प्रक्रिया उद्योग धोरण आणले. वाइनला उत्पादन शुल्कात सूट, नाशिक जिल्ह्यात विंचूरला आणि सांगली जिल्ह्यात पलूसला वाइन पार्क, परवान्याची सोपी वाट. २००९ मध्ये प्रोत्साहन योजना आली. वाइनवर २० टक्के व्हॅट घ्यायचा आणि त्यातला १६ टक्के कारखान्याला परत द्यायचा. ती योजना मध्ये बंद पडली होती, २०२४ मध्ये पुन्हा पाच वर्षांसाठी सुरू झाली. मधल्या काळात सरकार बदलले, पक्ष फुटले, चिन्हे कोर्टात गेली. पण वाइनवाल्याच्या परताव्याचा प्रश्न आला की सगळ्यांचे एकमत.

२०२२ चा जानेवारी आठवा. महाविकास आघाडीच्या मंत्रिमंडळाने मोठ्या दुकानांत आणि सुपरमार्केटात वाइन विकायला परवानगी द्यायचे ठरवले. शंभर चौरस मीटरच्या वरच्या दुकानांना. संजय राऊत म्हणाले, वाइन म्हणजे दारू नव्हे, शेतकऱ्यांचा फायदा होईल. देवेंद्र फडणवीस म्हणाले, आम्ही महाराष्ट्राचे मद्यराष्ट्र होऊ देणार नाही. अण्णा हजाऱ्यांनी उपोषणाचा इशारा दिला. महिनाभर दोन्ही बाजूंनी महाराष्ट्राची संस्कृती वाचवली. या सगळ्या गोंगाटात एक प्रश्न कोणाच्याही तोंडून आला नाही: वाइन दारू नाही, तर मग मोहाची का दारू? ताडी का दारू? वाइनमध्ये साधारण १२-१३ टक्के अल्कोहोल असते. ताज्या माडीत त्याच्या निम्म्यानेही नसते. शास्त्राने पाहिले तर आधी माडी सुटायला हवी.

त्याच वर्षी मंत्रिमंडळाने आणखी एक निर्णय घेतला, तो फारसा गाजला नाही. काजूबोंडे, मोहफुले यांपासून बनवलेले मद्य 'देशी' या वर्गातून काढून 'विदेशी मद्य' या वर्गात टाकायचे. वाचून आम्ही हसलो. कोकणातला बोंडू आणि गडचिरोलीचा मोह, आणि इज्जत मिळवायची तर आधी 'विदेशी' व्हावे लागते! वर्ण बदलल्याशिवाय सन्मान नाही, हे बाटलीलाही लागू झाले. शुद्धीकरणच म्हणा ना. (एक जाता जाता. या राज्यात दारू प्यायला आजही कायद्याने परवाना लागतो. एका दिवसाचा परवाना विदेशीसाठी पाच रुपये आणि देशीसाठी दोन. चातुर्वर्ण्य किती स्वस्तात मिळते पाहा.)

आता शेतकऱ्याच्या फायद्याचे. महाराष्ट्रात पिकणारे द्राक्ष बहुतांश खायला, निर्यातीला आणि बेदाण्याला जाते. वाइनला जाणारा हिस्सा अगदी थोडा आहे, आणि तो कारखान्याशी करार असलेल्या, पाणी आणि भांडवल असलेल्या बागायतदाराचा आहे. त्या बागेत छाटणीला, विरळणीला, तोडणीला कोण येते? पेठ, सुरगाणा, त्र्यंबकच्या पाड्यांवरून हंगामाला उतरणारे कोकणा, वारली, महादेव कोळी. वाइनरीच्या गॅलरीतून जो 'व्ह्यू' दिसतो त्यात ती माणसे वाकलेली दिसतात. टेस्टिंगवाला तुम्हाला सांगतो की या वाइनला जमिनीची चव आहे, मातीचा गंध आहे. त्या मातीत वाकलेल्या बाईच्या रोजंदारीबद्दल तो काही सांगत नाही. ते त्याच्या माहितीपत्रकात छापलेले नसते.

आपल्या पोरांपैकी कितीजणांना हे माहीत आहे, की द्राक्षमळ्यांसाठी आज ज्याचे नाव घेतात त्या दिंडोरी तालुक्यातच कर्मवीर दादासाहेब गायकवाड जन्मले? आंबे गावात, १९०२ साली. १९३० च्या काळाराम सत्याग्रहात ते बाबासाहेबांचे उजवे हात होते. पुढे १९५९ मध्ये आणि १९६४ मध्ये भूमिहीनांचे सत्याग्रह त्यांनी उभे केले. मागणी साधी होती: पडीक, गायरान, सरकारी जमीन कसणाऱ्या भूमिहीनाच्या नावे करा. लाखो लोक तुरुंगात गेले. त्या मागणीचे काय झाले ते आपल्याला ठाऊक आहे. गायरानावरच्या आपल्या लोकांना अजून 'अतिक्रमणधारक' म्हणून नोटिसा येतात. नाशिकला सुट्टीला जा, जरूर जा. पण दिंडोरीतून गाडी नेताना ज्या माणसाने या जमिनीवर आपला हक्क सांगितला त्याचे नाव माहीत नसेल आणि शेनिन ब्लाँ आणि शिराझ यांतला फरक माहीत असेल, तर तुमचे शिक्षण कोणी केले हा प्रश्न स्वतःला विचारा.

कोकणातही हेच. आरे-वारेच्या त्या रस्त्यावरून खाली पाहिले की दोन्ही किनारे, माडाच्या बागा आणि त्यांत नवी उठलेली होमस्टे, रिसॉर्ट दिसतात. सुंदर आहे, नाही कशाला म्हणू. पण या जिल्ह्यातल्या जमिनीचा इतिहास खोतीचा आहे. बाबासाहेबांचे मूळ गाव आंबडवे याच जिल्ह्यात, मंडणगड तालुक्यात. १७ सप्टेंबर १९३७ ला त्यांनी मुंबईच्या विधिमंडळात खोती नष्ट करण्याचे विधेयक मांडले. १० जानेवारी १९३८ ला कोकणातल्या कुळांचा मोर्चा मुंबईत कौन्सिल हॉलवर गेला. त्यात कुणबी होते, महार होते, आगरी होते. काँग्रेसच्या सरकारने ते विधेयक पुढे जाऊ दिले नाही. खोती कायद्याने गेली ती स्वातंत्र्यानंतर, १९४९ च्या कायद्याने. तोवर आपली माणसे गिरणीत, गोदीत, बीडीडीच्या चाळीत पोचली होती. म्हणून आज समुद्राकडे तोंड करून उभ्या असलेल्या रिसॉर्टांत बौद्धवाडीचे नाव शोधू नका. बौद्धवाडी रस्त्याच्या वरच्या अंगाला, पाण्यापासून लांब असते, आणि तिथून रिसॉर्टला चादरी धुवायला, भांडी घासायला माणसे खाली येतात. सुट्टी म्हणजे ज्यांची जमीन आहे त्यांच्याकडे ज्यांच्याकडे पैसा आहे त्यांनी येऊन राहणे. त्या व्यवहारात आपण कुठे आहोत हे समजून घेऊन सुट्टीवर जावे, एवढेच आमचे म्हणणे.

आता प्रतिज्ञेकडे येऊ, कारण त्याशिवाय हा लेख पुरा होणार नाही.

पंचशीलातले पाचवे शील आपल्याला पाठ आहे. बावीस प्रतिज्ञांत दारू न पिण्याची प्रतिज्ञा आहे. १४ ऑक्टोबर १९५६ ला नागपुरात लाखोंनी ती घेतली आणि अनेक घरांनी ती पाळली. मेलेल्या जनावराचे मांस सोडणे, गावकीची कामे सोडणे आणि गुत्ता सोडणे या तीन गोष्टी एकत्र घडल्या. त्यांमागे पोलीस नव्हता, जप्ती नव्हती. आपल्या आयांनी नवऱ्याची बाटली उकिरड्यावर फोडली आणि त्या पैशात पोराची पाटी आणली. ही आपली कमाई आहे. कोणा ब्राह्मणी सुधारकाने दिलेली नाही. म्हणून जो तरुण म्हणतो की चव घेणे म्हणजे पिणे नव्हे, त्याला आमचे सरळ उत्तर आहे: बाबा, शील हे घोटाच्या मापाने मोजायचे नसते. प्रतिज्ञेत मिलिलिटर लिहिलेले नाहीत. आणि तुला तिथे खेचून नेणारी गोष्ट चव नाही, हे तुलाही माहीत आहे. ग्लास तिरका धरायची, हुंगायची, तोंडात घोळवायची ती रीत शिकलास की आपण 'त्यांच्यातले' झालो असे वाटते. आजोबा पीत होते तेव्हा त्याला व्यसन म्हणत, नातू पितो त्याला अभिरुची म्हणतात, आणि हा बदल म्हणजे प्रगती, असे तुला कोणीतरी पटवले आहे. प्रगती आजोबांनीच केली होती, गुत्ता सोडला तेव्हा.

पण याच ठिकाणी काही कार्यकर्ते दुसऱ्या टोकाला जातात. आपण दारू पीत नाही, म्हणून दारूबंदीच्या प्रत्येक मोहिमेत आपण पुढे, म्हणून हातभट्टीवर छापा पडला की टाळ्या. इथे थांबा आणि बाबासाहेब वाचा.

नोव्हेंबर १९४८ मध्ये संविधान सभेत मार्गदर्शक तत्त्वांत दारूबंदी घालण्याची दुरुस्ती आली. कोल्हापूरचे बी. एच. खर्डेकर विरोधात बोलले. आदिवासींचे नेते जयपालसिंग मुंडा म्हणाले की आमच्या धार्मिक विधींतच तांदळाची दारू लागते, तुम्ही आमच्या धर्मावर घाला घालता आहात. बाबासाहेबांनी दुरुस्ती स्वीकारली, पण सांगितले की हे मार्गदर्शक तत्त्व आहे, राज्यावर ते लगेच अमलात आणण्याची सक्ती नाही, आणि आदिवासी भागात त्यांच्या परिषदांना विचारल्याशिवाय काही लादले जाणार नाही. पुढे १९५१ साली शेड्यूल्ड कास्ट्स फेडरेशनचा निवडणूक जाहीरनामा आला. त्यात दारूबंदी रद्द करा अशी स्पष्ट मागणी आहे. कारणे रोकडी आहेत. दारूबंदीने सरकारचा महसूल बुडतो, शिक्षणाला आणि विकासाला पैसा उरत नाही. आणि दारू तर बंद होतच नाही, ती घराघरांत गाळली जाते, आणि मग बायकामुलांपर्यंत पोचते.

हे वाचून अनेकजण गोंधळतात. पाच वर्षांनी ज्यांनी दारू न पिण्याची प्रतिज्ञा दिली, तेच १९५१ मध्ये दारूबंदी उठवा म्हणतात? यात विसंगती कुठे आहे? शील माणसाने स्वतः घ्यायचे असते. शिपायाने काठीने दिलेले शील म्हणजे शिक्षा. मोरारजी देसाईंच्या मुंबई राज्याने ती काठी उगारली, १९४९ च्या कायद्याने, आणि ती कोणाच्या पाठीवर पडली? ज्यांना डॉक्टरच्या चिठ्ठीवर प्रकृतीसाठी परवाना मिळत होता त्यांच्या पाठीवर नाही. २००४ मध्ये विक्रोळीत आणि जून २०१५ मध्ये मालाडच्या मालवणीत विषारी दारूने माणसे मेली. एकट्या मालवणीत शंभरावर. सगळे हातावर पोट असलेले. त्यांना स्वस्त हवी होती आणि स्वस्तात मिथेनॉल मिळाले. त्याच वर्षांत नाशिकला 'वाइन कॅपिटल' म्हणून मिरवणे चालू होते.

आमच्यासमोर जोतीराव आहेत. १८८० साली पुण्याच्या नगरपालिकेचे सभासद असताना त्यांनी वाढत्या दारूच्या दुकानांविरुद्ध लेखी हरकत घेतली. त्याच वर्षी व्हाइसरॉय लिटनच्या स्वागतावर नगरपालिकेने हजार रुपये उधळायचे ठरवले, तेव्हा ते पैसे गरीब मुलांच्या शिक्षणावर खर्चा असे म्हणणारे तेच होते. दोन्ही गोष्टी एका हिशोबात बसतात. सार्वजनिक पैसा कुठून येतो आणि कोणावर जातो, हा जोतीरावांचा प्रश्न होता. आज तो असा विचारला पाहिजे: वाइनच्या बाटलीमागे वीसातले सोळा टक्के कारखान्याला परत जातात, तेव्हा त्याच सरकारच्या तिजोरीत आमच्या पोरांची शिष्यवृत्ती वेळेवर द्यायला पैसे का नसतात?

शिबिरात आणखी एक सूचना आली. त्यावर आमचे मतभेद झाले आणि ते इथे मांडलेच पाहिजेत. काहीजण म्हणाले, वाइनला सवलत आहे तर आपल्या महिला बचत गटांनाही बोंडूच्या दारूचे परवाने द्या, आपणही ब्रँड काढू, आपणही संग्रहालय काढू. ऐकायला जोरदार वाटते. पण बुद्धाने मद्याचा व्यापार सम्यक आजीविकेतून स्पष्ट वगळला आहे. स्वतः न पिणाऱ्याने दुसऱ्याला पाजून श्रीमंत व्हायचे, हे नवश्रीमंतीचे तत्त्वज्ञान होईल, धम्माचे नाही. आणि व्यवहार पाहिला तरी परवाना बचत गटाच्या नावे आणि नफा ठेकेदाराच्या, हे आपण रेशन दुकानापासून वाळूच्या लिलावापर्यंत पाहिलेले आहे.

भंडाऱ्याची माडी आणि आदिवासीचा मोह यांबद्दल मात्र आम्ही उपदेश करणार नाही. ते त्यांचे आहे, त्यांनी ठरवायचे. जयपालसिंगांना बाबासाहेबांनी जे उत्तर दिले तेच आमचे. आमचे काम एवढेच, की त्यांचा निर्णय गुन्हा ठरू नये. आपल्या एखाद्या वस्तीतल्या बायांनी बाटली आडवी करायचे ठरवले तर आम्ही त्यांच्यामागे उभे राहू, कारण मारहाण त्यांना सोसावी लागते. पण त्या लढ्यात विकणाऱ्या पारधी बाईला तुरुंगात टाकून माल पुरवणारा सुटला, तर तो विजय आमचा नाही.

बोंडूचे काय करायचे ते बोंडूच्याच गावात ठरले पाहिजे. वेंगुर्ल्याचे फळ संशोधन केंद्र आणि दापोलीचे कृषी विद्यापीठ काजूवर कित्येक वर्षे काम करते आहे. बोंडूचे सरबत, सिरप, व्हिनेगर होते. अडचण तंत्राची कमी आणि साठवणीची, वाहतुकीची, भावाची जास्त आहे. बोंडू दिवसभरात नासतो. वाइन पार्कला रस्ते, पाणी, वीज देणारे सरकार काजूच्या वाडीजवळ एक शीतगृह आणि रस काढायचे यंत्र देऊ शकत नाही? ते चालवायला बौद्धवाडीतल्या, धनगरवाडीतल्या, कातकरी वाडीतल्या बायांचा गट का नको? सुट्टीला आलेल्या पाहुण्याला आरे-वारेच्या टपरीवर कोका-कोलाऐवजी बोंडूचे सरबत मिळाले, तर तो त्याचीही 'टेस्टिंग' करील आणि फोटोही काढील.

आणि संग्रहालय काढायचेच असेल तर त्यात पंचनामे लावा. १८७८ चा कायदा लावा, १८९२ चा लावा, मालवणीच्या मृतांची यादी लावा, फोडलेल्या हंडीचे तुकडे लावा. खोती विरोधी मोर्चाच्या बातम्या लावा. तसे संग्रहालय पाहायला आम्ही पोरांना स्वतः गाडी करून नेऊ.

तोवर काम आहे. पावसाळ्यानंतरच्या बैठकीला येताना प्रत्येकाने आपल्या तालुक्याच्या पोलीस ठाण्यात आणि राज्य उत्पादन शुल्काच्या कार्यालयात माहिती अधिकाराचा अर्ज टाकून यावे. गेल्या तीन वर्षांत कलम ६५ खाली किती गुन्हे दाखल झाले, कोणत्या गावांत आणि वस्त्यांत, प्रत्येकात किती लिटर माल होता, त्यात माल पुरवणारा आरोपी आहे का, आणि किती खटले निकाली निघाले, एवढे पाच मुद्दे विचारा. दुसरा अर्ज उद्योग विभागाला: वाइन प्रोत्साहन योजनेत आजवर किती रक्कम परत गेली आणि कोणत्या कारखान्यांना. अर्जाची पोच जपून ठेवा. तीस दिवसांत उत्तर आले नाही तर पहिले अपील कसे करायचे ते बैठकीत शिकवू. ज्यांना अर्ज लिहायला अडचण असेल त्यांनी आपल्या तालुक्यातल्या कार्यकर्त्याशी बोलावे, नमुना तयार आहे.